थांबरीच्या आढीत

आजऱ्याकडच्या सड्यावर, कातळातल्या खळग्यांत, थांबरी नावाचं एक झुडूप उगवतं. उन्हाळ्यात पाहाल तर वाटेल, गेलं बिचारं. चुरगाळलं तर तपकिरीसारखा भुगा हातात येतो. पाण्याचा शिपका मिळाला की संध्याकाळपर्यंत पुन्हा हिरवं. गुराखी त्याच्या वाटेला जात नसत. थांबरीच्या जाळीत निजलेला माणूस उठत नाही म्हणायचे. पुढे कळलं की उठतो, पण फार उशिरा.

शास्त्रज्ञांच्या हाती हे झुडूप लागलं ते एका भांडकुदळ माणसाच्या कृपेनं. शिवा गावडे नावाच्या बागायतदाराला आंबे गवतात रचून पिकवायला आढी घालायची होती. घरातलं भाताचं पिंजर संपलेलं, आणि शेजाऱ्याकडे मागायला तोंड नव्हतं, कारण शेजाऱ्याशी बांधावरून भांडण. म्हणून गड्याला सड्यावर पिटाळलं आणि मिळेल ते वाळकं कापून आणवलं. शेजाऱ्याचे आंबे पिकले, खाल्ले, कोयी उकिरड्यावर गेल्या. गावड्यांचा आंबा गौरी-गणपती आले तरी हिरवागार आणि कच्च. गावड्यांनी आधी कलमवाल्याला शिव्या घातल्या, मग बायकोला, आणि सगळ्यात शेवटी कृषी महाविद्यालयातल्या भाच्याला बोलावलं. भाचा हुशार निघाला. त्यानं आंबा बाजूला ठेवला आणि त्याखालचा पाला पिशवीत भरून नेला.

आता यातलं शास्त्र सांगतो, आणि घाबरू नका, विरजणापलीकडे त्यात काही नाही. उन्हाळ्यात दुधाला विरजण लावलं की दुपारपर्यंत दही तयार. थंडीत रात्रभर ठेवलं तरी पाणीच. गारठ्यानं त्यातले जंतू रेंगाळतात. थांबरी हेच काम गारठ्याशिवाय करते. तिच्या पानांतून एक वाफ सुटते, तिला ना रंग ना वास. ती श्वासातून आत गेली की शरीरातल्या एकूण एक पेशीचा कारभार एकाच मापानं संथ होतो. हृदयाचा, नखांचा, मेंदूचा, आणि आत रोग बसला असेल तर रोगाचासुद्धा. सगळंच एका मापानं मंदावल्यामुळे माणसाला स्वतःत काहीच फरक जाणवत नाही. त्याला वाटतं, बाहेरच्या जगालाच घाई सुटलीय. थांबरीनं भरलेल्या बंद खोलीत एक दिवस काढला की बाहेर महिना उलटलेला असतो.

मात्र तिचा जोर चालतो तो जिवंत वस्तूंवर. चहा तिला जुमानत नाही. आत नेलेला कप ओठाला लागेपर्यंत निवलेला असतो. पृथ्वीची ओढही तिला जुमानत नाही. माणूस संथ, पण पडणं मात्र पूर्वीच्याच वेगाचं, म्हणून आत उभं राहायला सक्त मनाई. कमरेला पट्टा बांधून बसायचं नाहीतर झोपायचं.

ज्या आजारांवर आज औषध नाही पण उद्या येईल, असे रोगी या खोल्यांत ठेवायला सुरुवात झाली. दवाखान्यांनी खोल्यांना कालमंद कक्ष असं भारदस्त नाव दिलं. लोकांनी ते एका दिवसात मोडीत काढलं. लोक म्हणायला लागले, आढी.

गडहिंग्लजच्या सानिका इंगवलेचा नवरा रणजित असाच आढीत गेला. बॅटरीवरच्या ट्रॅक्टरांची दुरुस्ती करणारा, धिप्पाड, गावभर हसत फिरणारा गडी. सदतिसाव्या वर्षी त्याच्या हातातून पाना गळून पडायला लागला. तपासण्या झाल्या. पाठीच्या कण्यापासून नसा सुकत जाण्याचा आजार निघाला, दीड वर्षाच्या आत सगळं आटोपणारा. कोल्हापूरच्या मोठ्या दवाखान्यातले डॉक्टर मगदूम म्हणाले, "औषधावर काम चाललंय. पाच-सहा वर्षं धरा. तोवर यांना थांबवून ठेवू."

सानिका दूध संघाच्या प्रयोगशाळेत कामाला होती. विरजणाचं तिला कुणी समजावून सांगायची गरज नव्हती. ती चौतीस वर्षांची होती, मुलगी मनवा सहा वर्षांची. पाच-सहा वर्षं काय, निघून जातील, असं तिला वाटलं.

आढीची कल्पना ज्यांनी काढली त्यांच्या हिशेबात रोगी एकटाच राहणार होता. नळीनं अन्न, यंत्रानं देखरेख, मग माणूस हवंय कशाला? पण त्यांची आपल्या लोकांशी गाठ पडायचा योग आला नव्हता. आपल्याकडे दवाखान्यात माणूस कधी एकटा असतो का? एक जण उशाशी बसतो आणि एक जण औषधं आणायला, डॉक्टरांना गाठायला, डबा आणायला बाहेर पळतो. ही रीत मोडायला कुणीच तयार होईना, तेव्हा प्रत्येक आढीत एक जादा खाट पडली. सोबतीची खाट. सोबतीला एकच जण, अठरा वर्षांवरचा. वाढत्या अंगाला थांबरी चालत नाही. आणि भेटायला आत-बाहेर बंद, कारण दार उघडलं की वाफ निसटते.

"आत कोण बसणार, बाहेर कोण राहणार?" सिस्टरनं विचारलं.

"मी बसतो की आत," रणजितची आई म्हणाली. सानिका तिला आत्याबाई म्हणायची. बासष्ट वर्षांची, गुडघे गेलेली, पण जीभ शाबूत. "आजारी माणसाला एकटं टाकायची रीत न्हाई आमच्यात. आणि ही आत बसली तर पोरीकडं कोण बघणार? ह्या गुडघ्यानं मी जिने चढू का औषधं आणू?"

बोलणं बिनतोड होतं. सानिका म्हणाली, "बाहेर मी."

आढीला एक मोठी काच होती. पलीकडे रणजित आणि आत्याबाई बसलेले दिसायचे. पापणी मिटायची ती सावकाश, पडदा उतरावा तशी. हसू उमलायला लागलं की काचेशी उभं राहून त्याची वाट बघायची. बोलायला एक यंत्र होतं. आतल्यांचं लांबलेलं बोलणं ते आवळून बाहेर ऐकवायचं आणि बाहेरचं ताणून आत पोचवायचं.

सानिकानं पहिल्या महिन्यात रोज संध्याकाळी निरोप पाठवला. मनवानं शाळेत काय केलं, दुरुस्तीचं दुकान कुणाला चालवायला दिलं, शेजारच्या काकूंनी काय विचारलं. महिनाअखेरीला रणजितचं उत्तर आलं, हसऱ्या आवाजातलं. "सानिका, जरा दम खा की. दर पाऊण तासाला तुझा निरोप येतोय. आई म्हणती, बायको हाय का अलार्म?"

तिनं हिशेब केला. खरंच की. तिचा एक दिवस म्हणजे त्याचा पाऊण तास. ती स्वतःशीच हसली आणि मग यंत्रापाशीच तिला रडू आलं. दिवसभर ती ज्या बोलण्याची वाट बघायची, त्याचा त्याला जाच होत होता. पुढे ती आठवड्याला एक निरोप पाठवू लागली, मग पंधरवड्याला. त्याला तेही भरपूर होतं. एकदा तिनं न राहवून विचारलं, "माझी आठवण येते का रे?"

"अगं, आठवण यायला तू जातेस कुठं? आत्ता सकाळीच तर बोललीस," तो म्हणाला.

सकाळ म्हणजे तिचे तेरा दिवस झाले होते. त्यात मनवाचा ताप येऊन गेला होता आणि स्वयंपाकघराचं छत गळून दुरुस्तही झालं होतं. त्याला तिची आठवण यायला वेळच मिळत नव्हता. यात त्याची काय चूक? त्याच्यावर रागावता येत नव्हतं, हेच तिचं मोठं दुखणं होतं.

आत्याबाईंनी नातीसाठी हातानं परकर शिवायला घेतला. आठवडाभर खपून पुरा केला आणि वस्तू द्यायच्या-घ्यायच्या झडपेतून बाहेर पाठवला. तोवर मनवा सात महिन्यांनी वाढलेली, परकर पोटऱ्यांवर. आत्याबाईंनी दुसरा शिवला, अंदाजानं मोठा. तोही अपुरा. तिसऱ्या वेळी त्यांचा निरोप आला, "पोर म्हणजे काय काकडीचा वेल हाय काय? मी आता शिवत न्हाई. तिला म्हणावं, जरा थांब." मनवाला हे ऐकून मजा वाटायची. काचेपलीकडचे बाबा तिला ठाऊक होते ते एवढेच: न हलणारे, गालावर तीळ असलेले, वाढदिवसाला ज्यांना हात करायचा असतो असे.

औषधाचं म्हणाल तर ते येतच होतं. सहा वर्षं झाली, मगदूम म्हणाले, अजून दोन. दोन झाली, म्हणाले, चाचणीत अडचण आलीय, जरा धीर धरा. सानिका धीर धरत राहिली, दुसरं करणार काय? डोक्यावर पांढरं आलं, चष्मा आला, प्रयोगशाळेची ती मुख्य झाली. रणजित मात्र सदतिसाचाच. आरशापुढे केस विंचरताना ती स्वतःला टोमणा मारायची, अजून थोडं थांबलीस तर नवरा तुला मावशी म्हणेल.

आणि त्यातूनच तिच्या मनात एक गोष्ट पक्की झाली. मनवा अठराची झाली, पुण्याच्या कॉलेजात आणि वसतिगृहात लागली की आत्याबाईंना बाहेर काढायचं आणि आपण आत जायचं. त्याच्या बाजूच्या खाटेवर बसायचं. त्याचा हात हातात घ्यायचा. तो एक तास बोलला की तो तासच असेल, बाहेरचा सव्वा दिवस नव्हे. निदान इथून पुढे तरी दोघांचं वय एकाच चालीनं वाढेल. तिनं दूध संघात लांब रजेची चौकशी करून ठेवली. घरात मात्र कुणापाशी बोलली नाही. शेचाळिसाव्या वर्षी नवऱ्याजवळ बसायचंय, हे पोरीला कोणत्या तोंडानं सांगायचं? तिला लाज वाटायची.

मनवाला अठरा पूर्ण होऊन महिना झाला आणि रणजितचा वाढदिवस आला. आता ही वाढदिवसाची एक गंमतच होती. बाहेरच्या पंचांगानं वर्षातून एकदा येणारा वाढदिवस आत दर बारा दिवसांनी यायचा. आत्याबाईंची चंगळ. आत निरांजन नेता येत नव्हतं, म्हणून त्या सुपारी आणि अंगठी घेऊन बसल्या बसल्याच लेकाला ओवाळायच्या. सानिका आणि मनवा काचेबाहेरून बघायच्या.

त्या दिवशी सानिकाला दिसलं की आत्याबाईंचा हात सुपारीकडे न जाता कमरेच्या पट्ट्याकडे निघालाय. औक्षण म्हणजे उभ्यानं करायचं, जन्मभराची सवय. इतके वाढदिवस बसून काढले, आज हात आपोआप गेला असेल. पट्टा सुटायला अर्धं मिनिट लागलं. सानिकानं काचेवर थापा मारल्या. पलीकडे त्या थापांचं काय पोचणार? तिनं घंटा दाबली. सिस्टर धावल्या, मुखवटे चढवू लागल्या, पण दोन दारांमधली हवा बदलल्याशिवाय आतलं दार उघडत नसे. आत्याबाई तळव्यांवर भार देत उठत होत्या. चेहऱ्यावर सणाचं हसू. दीड-दोन मिनिटं सानिका ते उठणं बघत होती. आता तोल जाणार, हे तिला दिसत होतं, आणि जगातल्या कुठल्याही माणसाला मिळाली नसेल एवढी सवड हाताशी असून करता काहीच येत नव्हतं. मग तोल गेला. पडणं मात्र पापणी लवायच्या आत झालं.

सिस्टरनी त्यांना उचलून बाहेर आणलं. रणजितची मान वळली तेव्हा आईची खाट रिकामी होती.

खुब्याचं हाड मोडलं होतं. आढीत ते जुळायला वर्षं लागली असती, म्हणून आत्याबाई बाहेरच राहणार हे ठरलं. शुद्धीवर आल्यावर त्यांनी सुनेकडे बघितलं आणि बघतच राहिल्या. काचेतून, ओझरतं बघणं वेगळं. "अगं, काय ही दशा? केस कधी पिकलं तुझं?" त्या पुटपुटल्या. त्यांच्या लेखी पाच महिने झाले होते. "माझी धाकटी भन शोभशील आता." सानिका त्यांच्या तोंडावरची बट मागे सारत म्हणाली, "व्हाल बऱ्या. गप पडा."

शस्त्रक्रियेची धावपळ सुरू झाली. रक्ताची बाटली, भूलतज्ज्ञ, सगळं सानिकाच्या अंगावर. मधेच मनवा म्हणाली, "आई, बाबा एकटेच आहेत गं. मी बसते तोवर?"

सानिकाच्या एका हातात फोन होता आणि दुसऱ्या हातात आत्याबाईंचे एक्स-रे. "बस. आजी सावरली की मी येते, मग तू बाहेर ये," ती म्हणाली. पोरीच्या मनात बापाची काळजी आहे, हे पाहून तिला बरंच वाटलं होतं.

आत्याबाई सावरायला दीड महिना गेला. मनवाचा दीड दिवस. दरम्यान कॉलेजच्या प्रवेशाची तारीख आली. सानिकानं निरोप पाठवला, उद्याच्या उद्या बाहेर ये, तुझी सही लागते. उत्तर आलं, "हो गं आई, पाच मिनिटांत निघते. बाबांची गोष्ट संपू दे." त्या पाच मिनिटांचे अडीच तास सानिका काचेशी उभी होती. मनवा निघाली नाही. दुसऱ्या दिवशी संध्याकाळी प्रवेश बंद झाले. मनवाच्या लेखी तेव्हा गोष्टीतला राक्षससुद्धा अजून मेला नसेल.

त्याच आठवड्यात मगदूमांनी सानिकाला बोलावलं. "ताई, या वेळी खात्रीनं सांगतो. चाचण्या यशस्वी झाल्यात. परवानग्या, कारखाना, सगळं धरून तीन वर्षं. आणि यांचं शरीर तेवढं नक्की टिकेल."

सानिकानं ती बातमी आत पाठवली. निरोपाच्या शेवटी ती म्हणाली, "मनवा, आता तू ये. आजी चालायला लागलीय." त्याच्या पुढचं वाक्य तिनं मनात कैक वर्षं घोळवलं होतं. तेवढं मात्र तोंडातून फुटलं नाही.

उत्तर आलं तेव्हा आत्याबाई वॉकर धरून तिच्या शेजारी उभ्या होत्या. मनवाचा आवाज उत्साहानं नुसता सांडत होता.

"आई, तीन वर्षं म्हणजे इथला जेमतेम सव्वा महिना. सुट्टी काढल्यासारखी. मी राहते. अगं, बाबा किती बोलतात. तू लग्नाआधी त्यांच्या ट्रॅक्टरवर बसून चिखलात पडलीस, हे तू मला कधी सांगितलंच नाहीस. मला बाबा नीट माहीतच नव्हते गं. तुला तरी ते दहा वर्षं मिळाले. कॉलेज काय पळून जात नाही, तीन वर्षांनी मी अठराचीच असेन. आणि तू बाहेर आहेस, म्हणून आम्ही निर्धास्त आहोत."

मागून रणजितचा आवाज आला. "सानिका, पोरगी तुझ्यासारखीच बडबडी निघाली. तू जिवाला लावून घेऊ नकोस. मला आता मस्त सोबत झालीय."

यंत्र थांबलं. आत्याबाईंनी वॉकर सुनेकडे वळवला. मग खालच्या आवाजात म्हणाल्या, "तुला आत जायाचं हुतं, व्हय?"

सानिकानं मान हलवली. बारा वर्षांत पहिल्यांदा तिला कुणीतरी हे विचारलं होतं.

"मग सांग की तिला. बोलव भाईर. पोर हाय, तिला काय कळतंय? तुझं वय चाललंय, बाई."

"काय सांगू, आत्याबाई? बापाजवळनं ऊठ, मला बसायचंय, असं?" सानिका म्हणाली. "कळत्या वयात पहिल्यांदा बापाजवळ बसलीय ती. आणि खोटं कुठं बोलतेय? मला दहा वर्षं मिळाली, तिला मिळाली ती आठवतसुद्धा नाहीत." तिनं चष्मा काढून पुसला. "तीन वर्षांनी मी एकोणपन्नास. तो तसाच. ती तशीच. ती दोघं एका बाजूला आणि मी कुठल्या कुठं. हे सगळं मला कळतंय, आणि तरी मला तिला उठवता येत नाही."

आत्याबाईंनी वॉकरवरचा एक हात काढून सुनेच्या पाठीवर ठेवला.

सानिकानं यंत्राचं बटण दाबलं. लाल दिवा लागला. तिनं तोंड यंत्राजवळ नेलं. मग म्हणाली, "बरं. राहा. स्वेटर पाठवते झडपेतून, आत गार असतं. आणि बाबांना फार बोलायला लावू नकोस, दमतात ते." एवढं बोलून तिनं बटण सोडलं.

निरोप आत पोचल्याचं काचेतून दिसलं. आधी मनवाची मान वळायला लागली, मग रणजितची. दोघांच्या चेहऱ्यांवर हसू सावकाश पसरत गेलं, सारखंच, दोन्ही गालांना खळ्या पडणारं. मग दोघांचे हात वर येऊ लागले, तिला टाटा करायला. सानिकानंही हात वर केला. तिनं नेहमीसारखा हलवून खाली घेतला असता तर त्यांना तो दिसलाही नसता, डोळ्यांपुढून माशी गेल्यासारखं वाटलं असतं. म्हणून तिनं तो वर तसाच धरला. सिस्टर येऊन म्हणाली, "ताई, भेटीची वेळ संपली." आत्याबाई म्हणाल्या, "अगं, खांदा भरून येईल." खांदा भरून आला होता. पलीकडचे हात अजून निम्म्यावरच होते, आणि सानिका हात वर धरून उभी होती.